खोट्या चिठ्ठीने हरवलेला रानपिंगळा

सामान्य ज्ञानाचं कुठलंही गाईड उघडा. मनोरंजनाचं प्रकरण वेगळं, लढायांचं वेगळं, पशुपक्ष्यांचं वेगळं. स्पर्धा परीक्षेची तयारी करणारी मुलं एकेक प्रकरण पाठ करतात, पान उलटतात आणि मागच्या पानाशी असलेला संबंध तिथेच तुटतो. आता तीन प्रश्न पाहा. ‘द लाइटहॉर्समेन’ या १९८७च्या ऑस्ट्रेलियन युद्धपटात अँथनी अँड्र्यूज या नटाने कोणत्या ब्रिटिश गुप्तवार्ता अधिकाऱ्याची भूमिका केली? १९१७ साली गाझाच्या आघाडीवर खोट्या कागदांनी भरलेली पिशवी मुद्दाम तुर्कांच्या हाती पडू दिली गेली, त्या डावाचं श्रेय पुढे अनेक वर्षं कोणाला मिळत राहिलं? आणि रानपिंगळा हा दुर्मीळ पक्षी १९१४ साली गुजरातेत मिळाला, असं कोणाच्या नोंदीवरून मानलं जात होतं?

तिन्हींचं उत्तर एकच आहे: कर्नल रिचर्ड मायनर्ट्झहागन.

यातलं चित्रपटाचं उत्तर निर्विवाद आहे. पिशवीच्या डावाचं श्रेय बरंचसं दुसऱ्याचं होतं आणि पक्ष्याची नोंद साफ खोटी होती. ती खोटी नोंद अनेक वर्षं पुस्तकांत जशीच्या तशी उतरत राहिली. सामान्य ज्ञान कसं तयार होतं आणि कसं नासतं, हे शिकवायला महाराष्ट्राला परदेशी उदाहरण शोधत बसण्याची गरज नाही. ते आपल्या खानदेशातच आहे.

रानपिंगळ्याचं शास्त्रीय वर्णन १८७३ साली ॲलन ऑक्टेव्हियन ह्यूम यांनी केलं. शाळेच्या इतिहासात ह्यूम एका वाक्यात येतात आणि जातात: १८८५ साली काँग्रेसच्या स्थापनेसाठी पुढाकार घेणारे निवृत्त इंग्रज अधिकारी. मुंबईच्या गोकुळदास तेजपाल संस्कृत पाठशाळेत भरलेलं पहिलं अधिवेशन सगळ्यांना पाठ असतं. हेच ह्यूम १८५७च्या उठावात इटाव्याचे जिल्हाधिकारी होते, हे थोड्यांना माहीत असतं. याच माणसाने हिंदुस्थानातल्या पक्ष्यांचा त्या काळातला सर्वांत मोठा संग्रह उभा केला, ‘स्ट्रे फेदर्स’ नावाचं पक्षिशास्त्राचं नियतकालिक चालवलं, हे तर गाईडमध्ये कुठेच नसतं. पक्ष्यांवरच्या त्यांच्या नियोजित ग्रंथाचं हस्तलिखित सिमल्याच्या घरातून नोकराने रद्दीत विकलं. त्यानंतर ह्यूम यांचं मन या कामातून उडालं आणि कातडी व अंडी मिळून ८० हजारांच्या घरातला संग्रह त्यांनी लंडनच्या ब्रिटिश म्युझियमला देऊन टाकला. पुढची सगळी कथा त्या संग्रहालयाच्या कपाटांत घडते.

रानपिंगळ्याचा पहिला नमुना १८७२ साली आजच्या छत्तीसगडमधल्या जंगलात ब्लुइट नावाच्या अधिकाऱ्याला मिळाला होता. ह्यूम यांनी पक्ष्याला त्याचंच नाव दिलं. त्यानंतर खानदेशात सनदी नोकरीत असलेल्या जेम्स डेव्हिडसन यांनी १८८०च्या दशकाच्या सुरुवातीला शहादा-तळोदा भागातून आणखी काही नमुने गोळा केले. १८८४ नंतर हा पक्षी कोणालाच दिसला नाही. जगभरच्या संग्रहालयांत मिळून त्याचे फक्त सात नमुने उरले.

गावठाणातल्या जुन्या वडा-चिंचेवर किंवा पडक्या भिंतीच्या कपारीत राहणारा, तिन्हीसांजेला कलकलाट करणारा पिंगळा बहुतेकांनी पाहिलेला असतो. त्याच्या डोक्यावर पांढऱ्या ठिपक्यांची दाट नक्षी असते. रानपिंगळा आकाराने जवळपास तेवढाच, वीतभराहून थोडा मोठा. पण त्याचा माथा जवळजवळ कोरा असतो, पंखांवर आणि शेपटीवर रुंद पांढरे पट्टे असतात, पोट पांढरंशुभ्र, चोच दणकट आणि पाय पिसांनी झाकलेले जाड. घुबडांच्या जातीतला असून तो दिवसाढवळ्या वावरतो. पानगळ झालेल्या सागाच्या शेंड्यावर उघड्यावर बसतो, शेपटी झटक्याने हलवतो आणि खाली सरडा किंवा उंदीर दिसला की झेप घेतो. इतका ठळक दिसणारा पक्षी शतकभर सापडू नये, याचं कारण निदान अंशतः तरी एका चिठ्ठीत होतं.

संग्रहालयातल्या पक्ष्याच्या पायाला दोऱ्याने एक लहानशी चिठ्ठी बांधलेली असते. पक्षी कुठे, कधी आणि कोणी मिळवला, एवढंच त्यावर लिहिलेलं असतं. पण सगळं शास्त्र त्या दोन-तीन ओळींवर उभं असतं. चिठ्ठी नसेल तर कपाटात उरतो तो पेंढा भरलेला एक मेलेला पक्षी. मायनर्ट्झहागनने नेमका याच विश्वासावर घाला घातला. डेव्हिडसन यांनी गोळा केलेला रानपिंगळ्याचा एक नमुना त्याने संग्रहालयातून चोरला, आतलं भरण बदललं, पक्ष्याला नव्याने आकार दिला आणि स्वतःची चिठ्ठी बांधली. ठिकाण, तापीकाठचं मांडवी. काळ, ऑक्टोबर १९१४.

त्या ऑक्टोबरात हा माणूस काय करत होता, हे लष्करी इतिहासाच्या कुठल्याही अभ्यासकाला सांगता आलं असतं. पहिलं महायुद्ध पेटलं होतं. जर्मन पूर्व आफ्रिकेवर स्वारी करण्यासाठी हिंदी फौजेची तुकडी मुंबई बंदरात जमत होती आणि मायनर्ट्झहागन तिचा गुप्तवार्ता अधिकारी होता. ऑक्टोबरच्या मध्याला जहाजं सुटली. नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात आजच्या टांझानियातल्या टांगा बंदरावर सुमारे आठ हजारांची ही फौज उतरली आणि समोरच्या हजारभर सैनिकांनी तिचा दारुण पराभव केला. जर्मन बाजूचा सेनापती होता पॉल फॉन लेटो-फोरबेक. मुंबई इलाख्याची १०१वी ग्रेनेडियर्स पलटण तिथे लढली, काश्मीर संस्थानचे जवानही लढले. गोळीबाराने चवताळलेल्या मधमाश्यांनी सैनिकांवर हल्ला चढवल्यामुळे ‘मधमाश्यांची लढाई’ असंही तिचं नाव पडलं. गाईडमध्ये उरतं ते फार तर हे नाव. मुंबईहून निघालेल्या, पुरेशी तालीम न मिळालेल्या शिपायांना अनोळखी किनाऱ्यावर मरायला कोणी आणि कसं पाठवलं, याची आठवण त्यांच्या गावांतही राहिलेली नाही.

युद्धाच्या तोंडावर मांडवीच्या जंगलात जाऊन आजवर फक्त मोजक्यांना मिळालेला पक्षी मारायचा आणि त्याविषयी अनेक वर्षं अवाक्षर काढायचं नाही, हे मुळातच संशयास्पद होतं. पण पक्ष्यांचे अभ्यासक लष्कराची दप्तरं पाहत नव्हते आणि लष्कराच्या इतिहासकारांना घुबडाशी घेणं नव्हतं. प्रकरणं वेगवेगळी होती ना!

या माणसाची ख्याती मोठी होती, हेही खरं. आफ्रिकेतल्या महाकाय रानडुकराला त्याचं नाव आहे. १९०५ साली केनियात नांदी लोकांचा नेता कोइतालेल अराप सामोई याला बोलणीसाठी बोलावून त्याने गोळी घातली, तरीही त्याची कारकीर्द चालूच राहिली. त्याच्या रोजनिश्या पुढे पुस्तकरूपाने निघाल्या आणि इतिहासकारांनी त्यांतले उतारे प्रमाण मानले. १९१७च्या पिशवीच्या डावाचा कर्ता म्हणूनही तोच प्रसिद्ध झाला. बीरशेबाच्या लढाईआधी तुर्कांना गाझावरच मोठा हल्ला होणार असं भासवणारी ती युक्ती. नंतरच्या संशोधनातून दिसलं ते असं, की कल्पना जेम्स बेलग्रेव्ह या अधिकाऱ्याची होती आणि घोड्यावरून जाऊन पिशवी टाकून आला तो आर्थर नीट. बेलग्रेव्ह १९१८ साली लढाईत मारला गेला, त्यामुळे हक्क सांगायला तो उरलाच नव्हता. ब्रायन गारफिल्ड यांनी २००७ साली एक अख्खं पुस्तक लिहून या माणसाच्या दंतकथा उसवल्या. तोपर्यंत मायनर्ट्झहागन पडद्यावरचा नायक होऊन वीस वर्षं लोटली होती. चित्रपटवाल्यांना दोष देण्यात अर्थ नाही, त्यांनी छापील इतिहासावर भरवसा ठेवला. पण पडद्यावर एकदा चेहरा मिळाला की खोटी गोष्ट खोडणं शतपट अवघड होतं, एवढं इथे दिसतं.

संग्रहालयाला याची कुणकुण फार आधी लागली होती. परवानगीशिवाय नमुने उचलल्यावरून १९१९ साली त्याला पक्षी विभागात यायला काही काळ बंदीही घातली गेली. तरी १९५४ साली त्याचा सुमारे २० हजार पक्ष्यांचा संग्रह त्याच संस्थेने सन्मानाने स्वीकारला. हुद्दा, घराणं आणि दरारा यांच्यापुढे शंका गिळल्या गेल्या. हे केवळ इंग्रजांच्या संस्थेत घडतं असं समजण्याचं कारण नाही. आपल्याकडेही मोठ्या नावाच्या माणसाला ‘हे तुम्हाला कसं कळलं?’ असं विचारणं उद्धटपणाच मानलं जातं.

पक्षिशास्त्रज्ञ सालिम अली यांच्यासारखा काटेकोर माणूसही या वर्तुळात होता. १९३७ साली अफगाणिस्तानात पक्ष्यांच्या शोधमोहिमेवर ते मायनर्ट्झहागनबरोबर गेले होते. आपल्या आत्मचरित्रात त्यांनी त्याच्यावर एक प्रकरण लिहिलं आहे. रानपिंगळ्याचा शोध सालिम अलींनी घेतला, त्यांचे सहकारी आणि अमेरिकेतल्या स्मिथसोनियन संस्थेचे प्रमुख डिलन रिप्ली यांनीही घेतला. पक्षी मिळाला नाही. १९८७ साली सालिम अली गेले, तेव्हा मांडवीची चिठ्ठी अजून खरीच समजली जात होती.

सालिम अलींच्या मित्रपरिवारातलं दुसरं एक नाव इथे घ्यायलाच हवं, कारण चित्रपट, युद्ध आणि पक्षी हे तिन्ही धागे त्याच्याही आयुष्यात एकत्र आले, पण प्रामाणिकपणे. सिंगापूरचे लोके वान थो. कॅथे या मोठ्या चित्रपट कंपनीचे मालक. १९४२ साली जपानी फौजा सिंगापुरात शिरत असताना ते ज्या जहाजाने निसटले, ते बॉम्बहल्ल्यात सापडलं. लोके भाजले, काही काळ त्यांची दृष्टीही गेली. ऑस्ट्रेलियन युद्धनौकेने वाचवलं आणि निर्वासित म्हणून ते हिंदुस्थानात पोहोचले. इथे सालिम अलींची गाठ पडली आणि दोघांनी काश्मीर-सिक्कीमपर्यंत एकत्र भटकंती केली. लोके पक्ष्यांचे उत्तम छायाचित्रकार होते आणि सालिम अलींच्या कामाला त्यांनी सढळ हाताने पैसा पुरवला. १९६४ साली तैवानमध्ये आशियाई चित्रपट महोत्सवाला गेले असताना विमान अपघातात त्यांचा अंत झाला. सिनेमाच्या तिकिटांतून आलेला पैसा भारतीय पक्षिशास्त्राच्या कामी आला, ही माहिती कुठल्या प्रकरणात घालायची?

रानपिंगळ्याचं पुढे काय झालं? १९९३ साली ॲलन नॉक्स यांनी मायनर्ट्झहागनच्या इतर काही नमुन्यांतली लबाडी प्रसिद्ध केली. त्याच सुमारास डॉ. पामेला रासमुसेन स्मिथसोनियनमध्ये दक्षिण आशियातल्या पक्ष्यांच्या ग्रंथावर काम करत होत्या. त्यांनी रानपिंगळ्याचे सातही नमुने तपासायला घेतले. मांडवीच्या म्हटल्या जाणाऱ्या पक्ष्यावर डेव्हिडसन यांच्या हाताच्या खुणा होत्या. प्रत्येक संग्राहकाची कातडी सोलण्याची, टाका घालण्याची, भरण करण्याची ढब वेगळी असते, आणि वरून कितीही सारवासारव केली तरी ती पुरती लपत नाही. रासमुसेन आणि नायजेल कॉलर यांनी १९९९ साली हे सगळं पुराव्यानिशी मांडलं. पण त्याआधीच रासमुसेन यांनी साधा निष्कर्ष काढला होता: मांडवी विसरायची आणि ज्या ठिकाणांच्या चिठ्ठ्या खऱ्या आहेत तिथेच जायचं.

२५ नोव्हेंबर १९९७ रोजी सकाळी त्या, बेन किंग आणि डेव्हिड ॲबट शहाद्याजवळ सातपुड्याच्या पायथ्याशी होते. नंदुरबार जिल्हा तेव्हा झालेला नव्हता, हा भाग धुळ्यातच मोडत होता. निष्पर्ण झाडावर उन्हात बसलेला रानपिंगळा आधी किंग यांना दिसला. ११३ वर्षांनी या पक्ष्याची खात्रीची नोंद झाली, तीही डेव्हिडसन यांनी लिहून ठेवलेल्या मुलखातच.

मग तो इतरत्रही दिसू लागला. तोरणमाळ, यावल, मेळघाट, मध्य प्रदेशातलं खंडव्याचं जंगल, गुजरातेतलं डांग. २०१४ साली तर ठाणे जिल्ह्यातल्या तानसा अभयारण्यात तो आढळला. मुंबईकर ज्या तलावाचं पाणी पितात, त्याच्या काठच्या रानात. २०१८ साली आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघटनेने त्याला ‘अतिसंकटग्रस्त’मधून ‘संकटग्रस्त’ या गटात आणलं. धोका टळलेला नाही. त्याला ढोलीची जुनी झाडं लागतात आणि सातपुड्यात तोड, वणवे, अतिक्रमण थांबलेलं नाही. जादूटोण्यासाठी घुबडं पकडण्याची कुप्रथाही आहेच. मधली शंभर वर्षं हा पक्षी ‘बहुधा नामशेष’ म्हणून गणला गेला. आहे हेच माहीत नाही, त्याचं जंगल राखायला कोण धावणार? खोट्या माहितीची किंमत अशी झाडांच्या रूपात मोजावी लागते.

आता आपल्या प्रश्नमंजूषांकडे वळू. या देशात सामान्य ज्ञान ही करमणुकीची गोष्ट झाली आणि ते चांगलंच झालं. १९७२ पासून रेडिओवरच्या बोर्नव्हिटा क्विझ कॉन्टेस्टने घराघरांतली मुलं रेडिओपाशी बसवली. १९८५ साली सिद्धार्थ बसूंचा ‘क्विझ टाइम’ दूरदर्शनवर आला. जुलै २००० मध्ये ‘कौन बनेगा करोडपती’ सुरू झालं आणि त्याच वर्षी हर्षवर्धन नवाथे या मराठी तरुणाने पहिले एक कोटी जिंकले. २०१९ साली अमरावती जिल्ह्यातल्या शाळेत खिचडी शिजवणाऱ्या बबिता ताडे यांनी कोटीचा टप्पा गाठला. ज्ञानाला एवढी प्रतिष्ठा दुसऱ्या कुठल्या कार्यक्रमाने क्वचितच दिली असेल. त्याला नाक मुरडणाऱ्यांनी ताडेबाईंचा चेहरा आठवावा.

अडचण कार्यक्रमात नाही, त्याच्या साच्यात ओतलेल्या शिक्षणात आहे. चार पर्याय, एक बरोबर, पुढचा प्रश्न. हॉकी हा भारताचा राष्ट्रीय खेळ, हे पिढ्यानपिढ्या पाठ केलं गेलं. २०१२ साली माहिती अधिकारातल्या अर्जाला उत्तर देताना केंद्रीय क्रीडा मंत्रालयाने कोणताही खेळ राष्ट्रीय खेळ म्हणून जाहीर केलेला नाही असं स्पष्ट केलं. तरी काही पुस्तकांत हॉकी अजून तशीच आहे. ‘पहिला भारतीय चित्रपट’ म्हटलं की ३ मे १९१३ला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये लागलेला फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ हे उत्तर तयार असतं. पण त्याच कोरोनेशनमध्ये १८ मे १९१२ला दादासाहेब तोरणे यांचा ‘श्री पुंडलिक’ लागला होता. ते मंचावरच्या नाटकाचं चित्रण होतं, कॅमेरा इंग्रज माणसाच्या हाती होता आणि फिल्मवरची प्रक्रिया लंडनला झाली, म्हणून मान फाळक्यांना जातो. हा युक्तिवाद पटण्यासारखा आहे. पण मुलांना युक्तिवाद कळायला हवा, नुसतं उत्तर नव्हे. कोणत्या कसोटीवर ‘पहिला’ ठरवला हे कळलं, तर ते मूल दुसऱ्या कुठल्याही ‘पहिल्या’कडे डोळे उघडे ठेवून पाहील.

पक्ष्यांच्या बाबतीत तर अवस्था आणखी केविलवाणी आहे. राज्यप्राणी शेकरू, राज्यपक्षी हरियाल, राज्यवृक्ष आंबा, राज्यपुष्प तामण, राज्यफुलपाखरू ब्लू मॉर्मन. ही यादी पोलीस भरतीपासून राज्यसेवेपर्यंत सगळ्या परीक्षांची मुलं धडाधड म्हणून दाखवतात. पिकलेल्या उंबरावर किंवा पिंपळावर हिरव्या पानांत हिरवे होऊन बसलेले, पिवळ्या पायांचे हरियाल ओळखता येतील अशी त्यांतली किती असतील? तालुक्याच्या गावी उंबराचं झाड सापडायला गाईडएवढेही पैसे लागत नाहीत.

राज्यात २०२० पासून दर वर्षी ५ ते १२ नोव्हेंबर हा पक्षी सप्ताह पाळला जातो. ५ तारीख मारुती चितमपल्लींच्या जन्माची, १२ सालिम अलींच्या. शाळाशाळांतून त्या आठवड्यात प्रश्नमंजूषा होतात, बहुतेक त्याच जुन्या यादीवर. शिक्षकांनी आणि आयोजकांनी यंदा त्यात एक फेरी वाढवावी. मुलांना उत्तर आधीच द्यावं आणि ते कशावरून खरं मानायचं, एवढंच विचारावं. कोणी पाहिलं, कुठे लिहिलं, पाहणाऱ्याला खोटं बोलण्याचं काही कारण होतं का, दुसऱ्या कोणी पडताळलं का. पहिला प्रश्न रानपिंगळ्याचाच ठेवावा, आणि नंदुरबार, जळगाव, अमरावतीच्या शाळांनी तो वर्गात न विचारता मुलांना वनरक्षकाबरोबर रानात नेऊन विचारावा.